न वाचलेली ओळ

मी आयुष्यभर दुसऱ्यांच्या ओळी वाचल्या. आधी क्योतोतल्या, पारंपरिक काबुकी नाटकांच्या एका लहान थिएटरात प्रॉम्प्टर होतो. काळे कपडे घालून नटाच्या पाठीशी बसायचं आणि तो अडखळला की हळूच शब्द पुरवायचा. पुढे सिनेमा आला, तेव्हा कॅमेऱ्याच्या पायाशी उकिडवं बसून सगळंच नाटक मोठ्याने वाचायला लागलो. त्या काळी चित्राला आवाज नव्हता, त्यामुळे मी कितीही घसा फोडला तरी काही बिघडत नसे. पाठांतराला वेळही नसे. मी वाचायचो आणि नट त्यावर हात, मान, डोळे करायचे. मी वाचलं की तलवार उपसली जायची, मी वाचलं की रडू यायचं.

मेइजी सम्राट गेले त्यानंतरच्या हिवाळ्यातली ही गोष्ट. आमच्या मंडळीत अकरा माणसं होती आणि प्रमुख होते किशिएमोन. वय सत्तेचाळीस, उजवा खांदा दुखरा, पण तलवार घेऊन उभे राहिले की मागच्या रांगेतल्या म्हातारीलाही वाटावं, हा माणूस आपल्याकडेच बघतोय. मंडळीतला स्त्रीपार्टी मिनेजो. तो नऊ वर्षांचा असताना एका दौऱ्यात किशिएमोननी त्याला उचलून आणलं होतं. दोन गुडघ्यांत कागद धरून तो पडू न देता बायकांसारखं चालायला त्यांनीच शिकवलं आणि लिहायला-वाचायलाही त्यांनीच. आता मिनेजो एकतीस वर्षांचा होता, आणि पांढरा रंग लावून मान खाली घातली की बायकासुद्धा त्याच्या मानेकडे बघत राहायच्या.

आमचं थिएटर त्या शरद ऋतूत बंद झालं. मालकाने तिथे सिनेमाचा पडदा टांगला. मग एका चित्र कंपनीतर्फे ओगाता नावाचा गृहस्थ आला आणि म्हणाला, तुमचीच नाटकं तुम्हीच करा, फक्त कॅमेऱ्यापुढे करा. किशिएमोन दोन आठवडे नाही म्हणत होते. कारण साधं होतं. ओसाकाच्या मोठ्या थिएटरने जाहीरच केलं होतं, की जो नट उघड्या मैदानात कॅमेऱ्यापुढे उभा राहील, त्याने पुन्हा आमच्या रंगमंचाच्या फळ्यांवर पाय ठेवू नये. असल्या नटांना ते 'मातीतले नट' म्हणायचे.

शेवटी ते कबूल झाले. "अकरा माणसं ऐन थंडीत कुठे जाणार?" एवढंच मला म्हणाले. अट एकच, पडद्यावर त्यांचं नाव येता कामा नये.

अशी तीन चित्रं झाली. चौथं ज्याचं होतं, ते नाटक आम्ही शंभरदा केलेलं. एका सरदाराला आपल्या धन्याच्या मुलीचं शिर शत्रूकडे पाठवायचा हुकूम येतो. धन्याची मुलगी वाचावी म्हणून तो आपल्या सख्ख्या बहिणीचं शिर देतो, बहीणही आपण होऊन मान पुढे करते. सरदार किशिएमोन, बहीण मिनेजो. थिएटरात हा प्रसंग पडद्यामागे व्हायचा, नुसता आवाज यायचा. ओगाताला मात्र तो डोळ्यांदेखत हवा होता.

"सोपं आहे," तो म्हणाला. "किशिएमोन-सान तलवार उगारतील. सुएमात्सु कॅमेऱ्याचं हँडल फिरवायचं थांबवेल. सगळ्यांनी होते तसे गोठून राहायचं. मिनेजो-सान हळूच सरकून बाहेर येतील, त्यांच्या जागी तसाच किमोनो घातलेला बाहुला बसवायचा. हँडल पुन्हा सुरू, आणि वार. बघणाऱ्याला काही कळणार नाही."

सुएमात्सु म्हणजे कॅमेरावाला. त्याचं म्हणणं पडलं, की तिथेच फिल्मचा डबाही बदलावा लागेल, त्यामुळे दोनेक मिनिटं लागतील. तेवढा वेळ तलवार हलता कामा नये, नाहीतर चित्र उडी मारेल.

"मी हलणार नाही," किशिएमोन म्हणाले. मुद्रा धरून गोठणं हा तर काबुकी नटाचा धर्मच. पण दोन मिनिटं कोणी धरत नाही.

आणखी एक गोष्ट होती. आमची नाटकातली तलवार बांबूची, वर चांदीचा वर्ख. उन्हात ती नुसता पांढरा धब्बा दिसायची. म्हणून ओगाताने जुन्या बाजारातून खरी तलवार आणली होती. "बोथट आहे, काळजी नको," असं तो म्हणाला. आमच्या हिकोता सुताराने ती सकाळी एका मुळ्यावर हलकेच टेकवली. मुळा दोन तुकड्यांत पडला. हिकोताने माझ्याकडे बघितलं आणि तुकडे खिशात टाकले. वार बाहुल्यावरच व्हायचा होता ना.

शहराच्या उत्तरेला एका देवळामागे आमचं मैदान. रात्री गोठलेलं दहिवर वितळून जमीन ओली झालेली. दोन खांबांना दिवाणखान्याचं चित्र रंगवलेलं कापड ताणलं होतं आणि त्याच्यापुढे चटया. वारा असा, की दिवाणखान्याच्या भिंती पोट फुगवल्यासारख्या फुगत होत्या. ओगाता आणि दोघेतिघे नट कापडामागून खांब धरून उभे होते. वेळ दुपारची, पण हिवाळ्यात ऊन डोंगराआड जायला कितीसा वेळ लागतो? सुएमात्सु सारखा वर बघत होता.

किशिएमोन त्या सकाळपासून काही खात नव्हते. मी भाजलेलं रताळं पुढे केलं तर "ठेव" म्हणाले आणि ते तसंच राहिलं. रंग लावायच्या आधी त्यांना एक जाड पाकीट आलं होतं. त्यांनी ते उघडलं, वाचलं, घडी केली आणि कमरपट्ट्यात खोचलं. मला वाटलं, घरची काही बातमी असेल. मिनेजोने विचारलं, "गुरुजी, बरं वाटत नाहीये का?" ते आरशात बघून भुवया काढत राहिले.

आम्ही सुरुवात केली. माझ्या हातात कागद, मी वाचतोय. बहिणीने निरोप घेतला, केस बाजूला केले, गुडघ्यांवर बसून मान खाली घातली. सरदार तिच्या मागे डाव्या बाजूला आला आणि त्याने तलवार डोक्यावर उचलली. सुएमात्सु ओरडला, "थांबा, तसेच." हँडलची करकर बंद झाली. फिल्मला उजेड लागू नये म्हणून त्याने कॅमेऱ्यावर काळी पिशवी घातली, दोन्ही हात आत घातले आणि डबा बदलायला लागला.

सगळं मैदान गोठलं. वाऱ्यात आवाज पोचावा म्हणून त्या दिवशी मी कॅमेऱ्यापासून पुढे, चित्रात येणार नाही अशा बेताने बसलो होतो, त्या दोघांपासून तीन पावलांवर.

मग मला किशिएमोनचा आवाज ऐकू आला. ओठ हलत नव्हते. चेहरा सरदाराचाच होता, डोळे वटारलेले, आणि त्या चेहऱ्यातून शब्द येत होते.

"ओसाकाहून पत्र आलंय."

मिनेजो सरकून बाहेर यायच्या तयारीत होता. तो थांबला.

"मोठ्या थिएटरचं. मला बोलावणार होते. आता विचारतायत, हे खरं का? सोबत दुसरं एक पत्र जोडलंय, निनावी. 'किशिएमोन मातीत नाचतो, खात्री करून घ्यावी.' अक्षर ओळखीचं आहे. मीच गिरवून घेतलं होतं."

तेवढ्यात हिकोता बाहुला काखेत मारून वाकत वाकत आला.

"थांब, हिकोता," मिनेजो मान वर न करता म्हणाला.

"अहो, पण मला ओगाता-सान म्हणाले—"

"जा," किशिएमोन म्हणाले.

मंडळीत किशिएमोननी जा म्हटलं की कोणी दुसऱ्यांदा विचारत नसे. काहीतरी नवीन ठरलं असेल असं समजून हिकोता बाहुल्यासकट कापडामागे गेला. सुएमात्सु मान खाली घालून पिशवीत गुंतला होता. ओगाता खांबाला लटकलेला. काय चाललंय हे बघणारा आणि ऐकणारा मी एकटाच उरलो.

"मीच लिहिलं," मिनेजो म्हणाला.

"का, ते सांग."

"तुम्हाला एकट्यालाच बोलावणं होतं. ऑक्टोबरपासून तुम्हाला ठाऊक होतं. आमच्यापैकी कोणाला सांगितलंत?"

"सांगणार होतो."

"कधी? गाडीत बसल्यावर?"

किशिएमोनच्या कानशिलावरून पांढऱ्या रंगातून घामाचा एक ओघळ उतरला. एवढ्या थंडीत. तलवारीचं टोक हललं नव्हतं अजून, पण त्यांचा उजवा खांदा मला दिसत होता. तो खांदा मी वीस वर्षं ओळखत होतो. नाटकानंतर त्यावर गरम पाण्याचं फडकं मीच ठेवायचो.

"माझा बाप त्या थिएटरात नटांच्या चेहऱ्यावर उजेड पडावा म्हणून मेणबत्ती धरायचा," किशिएमोन म्हणाले. "काळ्या कपड्यांत. कोणाला दिसायचा नाही. मला तिथे एकदा दिसायचं होतं, मिनेजो. एकदा. पंचवीस वर्षं वाट बघितली."

"ठाऊक आहे मला."

"ठाऊक असून लिहिलंस."

"हो."

वाऱ्याने कापड फडफडलं. मागून ओगाता कोणावर तरी खेकसला, "दाबून धर की."

"तुम्ही गेला असतात तर आम्ही दहा जण चार दिशांना गेलो असतो," मिनेजो म्हणाला. त्याचा आवाज आता बहिणीचा नव्हता, त्याचा स्वतःचाही नव्हता. "आणि मी कुठे गेलो असतो? मला दुसरं कोणी आहे का? हे मी मंडळीसाठी केलं असं म्हणणार होतो. ते खोटं आहे. माझ्यासाठी केलं."

तलवारीचं टोक आता बारीक थरथरत होतं, लांबून कळणार नाही इतकं. पातं चांगलं अडीच हात लांब, वजनदार, आणि त्याच्या बरोब्बर खाली ती पांढरी मान.

"ऊठ," किशिएमोन म्हणाले. "बाजूला हो. बाहुला येऊ दे."

"नाही उठणार."

"ऊठ म्हणतो ना."

"उठलो तर तुम्ही पुन्हा माझ्याशी जन्मात बोलणार नाही. मी ओळखतो तुम्हाला. तुम्ही असे उभे आहात म्हणून तरी बोलताय."

मी ओरडायला हवं होतं. पुढे कितीतरी वर्षं मी स्वतःला तेच विचारलं, की का नाही ओरडलो? एक तर भीती होती, की दचकून हात सुटला तर? आणि दुसरं असं, की प्रॉम्प्टर स्वतःचे शब्द बोलत नाही. ती जीभच मला राहिली नव्हती.

"बसला एकदाचा," सुएमात्सु पिशवीतून हात काढत म्हणाला. त्याने आमच्याकडे न बघताच कॅमेऱ्याचं झाकण लावलं. "ऊन चाललंय. बाहुला ठेवला का?"

मी तोंड उघडलं.

"ठेवला," किशिएमोन म्हणाले. मोठ्याने, स्पष्ट, शेवटच्या रांगेला ऐकू जाईल अशा आवाजात.

मिनेजोनेही ते ऐकलं. त्याने मान आणखी थोडी खाली घातली, बस. सुएमात्सुने डोळा कॅमेऱ्याला लावला. आतली काच अंधुक, चित्र उलटं दिसणारं. वाकून बसलेला किमोनो तेवढा त्याला दिसला असणार. त्याने हँडल फिरवायला सुरुवात केली.

करकर करकर.

कागदावर पुढची ओळ होती, 'बहिणी, क्षमा कर. धन्यासाठी.' 'धन्यासाठी' या शब्दाला वार. गेली वीस वर्षं तो शब्द आला की पडद्याआडही किशिएमोनचा हात खाली आलेला. झोपेतही आला असता.

मी वाचलं नाही.

"गेन्साकु-सान, ओळ," सुएमात्सु म्हणाला.

करकर करकर.

"ओळ वाचा. फिल्म चाललीय."

मी कागद उलटा करून ओल्या जमिनीवर ठेवला आणि त्यावर हात दाबून बसलो. किशिएमोनचे डोळे हलले. मुद्रा तशीच, फक्त बुबुळं माझ्या बाजूला वळली. थिएटरात ते अडायचे तेव्हा याच दिशेला बघायचे. मी त्यांना कधी एकदाही रिकामं पाठवलं नव्हतं. त्या दिवशी मी मान हलवली. नाही.

त्यानंतर किती वेळ गेला सांगता येत नाही. फिल्मवर नंतर मोजलं तर अगदी थोडा भरला. मला तो दुपारएवढा वाटला. त्यांच्या खांद्याला एक हिसका बसला आणि तलवार खाली आली.

माझे डोळे मिटले गेले. आवाज झाला तो मऊ होता, चिखलात फावडं घातल्यासारखा. डोळे उघडले तेव्हा पातं चटई फाडून जमिनीत रुतलं होतं. मिनेजोची डावी बाही त्याखाली अडकून चिरली गेली होती. मिनेजो होता तसाच बसलेला. मानेवर काही नव्हतं.

आवाज ऐकून ओगाता कापडामागून बाहेर आला. त्याला बाहुला हिकोताच्या काखेत दिसला आणि जिवंत माणूस चटईवर. त्याचा चेहरा पिठासारखा झाला. "थांबव," तो म्हणाला.

"कोणी मध्ये येऊ नका," सुएमात्सु म्हणाला. त्याचा डोळा कॅमेऱ्याला तसाच होता आणि हात फिरत होता. आता त्यालाही कळलं होतं, पण तो थांबला नाही.

किशिएमोननी तलवार सोडली. ती तशीच उभी राहिली. ते मिनेजोच्या समोर आले आणि चटईवर धपकन बसले, सरदार बसतो तसे नाही, थकलेला माणूस बसतो तसे. दुखरा हात मांडीवर घेतला. मिनेजोने मान वर केली. दोघांच्या चेहऱ्यावरचा रंग ओघळला होता. थोड्या वेळाने किशिएमोनचे ओठ हलले. या वेळी खरोखरच हलले.

"ऊठ," ते म्हणाले. "गुडघे भिजलेत तुझे."

"तुमचेही," मिनेजो म्हणाला.

डब्यातली फिल्म संपली आणि तिचं टोक आत फटफट वाजायला लागलं.

ओगाता खूप चिडला, आणि त्याचं बरोबर होतं. गोष्टीत बहीण मरायला हवी. इथे बहीण मेलीच नाही, सरदार तलवार टाकून खाली बसला, आता धन्याची मुलगी वाचणार कशी? उद्या पुन्हा घ्यायचं असं ठरलं. दुसऱ्या दिवशी बर्फ पडला, तिसऱ्या दिवशीही, आणि किशिएमोनचा हात खांद्यापर्यंत वर जाईना. चित्र लावायची तारीख जवळ आली तेव्हा कंपनीने आहे तसंच लावलं.

आमच्याच जुन्या थिएटरात ते लागलं. पडद्याशेजारी उभा राहून गोष्ट सांगणारा निवेदक आदल्या दिवशी माझ्याकडे आला. "शेवटी सरदार काय म्हणतो? ओठ हलतात, पण तुमच्या कागदावर तर काहीच नाही."

मी त्याला म्हटलं, "तुम्हाला सुचेल ते म्हणा. तिथे ओळ नव्हतीच."

त्याने छान रचलं. सरदार म्हणतो, धनी दुसरा मिळेल, बहीण मिळणार नाही. शिर हवं असेल तर माझं पाठवा. लोक हमसून हमसून रडले. माझ्या शेजारच्या बाईने बाही तोंडात कोंबली होती. मी मात्र ओल्या गुडघ्यांचं ऐकत बसलो होतो.

ओसाकाचं उत्तर वसंतात आलं. जाहीर यादी होती, तिच्यात मातीतल्या नटांची नावं, आणि वरून चौथं नाव किशिएमोनचं. त्यांनी यादी मिनेजोच्या हातात दिली. "वाच," म्हणाले. मिनेजोने मोठ्याने वाचली, सगळी, शेवटपर्यंत. त्याचा आवाज एकदाच अडला. किशिएमोन त्या थिएटरात कधीच उभे राहिले नाहीत. प्रेक्षक म्हणूनही गेले नाहीत.

त्या दोघांत सगळं सरळ झालं असं मी म्हणणार नाही. पहिलं वर्षभर किशिएमोन त्याच्याशी कामापुरतं बोलायचे. जेवताना मध्ये मला बसवायचे. पण मंडळी फुटली नाही. आम्ही आणखी सहा वर्षं चित्रं केली. मग पडद्यावर खऱ्या बायका यायला लागल्या आणि मिनेजोचं काम संपलं. तेव्हा किशिएमोननी त्याला आपल्या घरी आणून ठेवलं, एका शब्दाने न विचारता. त्यांचा हात तोवर पार गेला होता. भात भरवायलाही मिनेजोच लागायचा.

एकदा मी त्यांच्याकडे गेलो होतो. चहा झाला. मिनेजो आत मुळ्याचं लोणचं कापत होता. मी इतकी वर्षं मनात ठेवलेलं विचारून टाकलं.

"त्या दिवशी मी ओळ वाचली असती तर?"

किशिएमोननी कपातली नजर वर केली. "तर हात खाली आला असता," ते म्हणाले. "ओळ आली की हात येतो. कुठे आला असता, ते मला विचारू नकोस. मला खरंच ठाऊक नाही."

आतून मिनेजोचा आवाज आला. "मी बाजूला झालो असतो, गुरुजी. इतकाही वेडा नव्हतो मी."

किशिएमोन हसले. मीही हसलो, त्यांना बरं वाटावं म्हणून. पण मी तीन पावलांवर होतो आणि 'ठेवला' हा शब्द ऐकल्यावर ती मान कशी झुकली ते मी बघितलं होतं. तो हलला नसता.